स्लाइड क्रमांक चार

माझगावची रात्रशाळा, तिसरा मजला.
प्रोजेक्टर समोरच्या मंडळाकडून मागून आणलेला,
भिंगाच्या कडेला अजून थोडा गुलाल.

पहिली स्लाइड: म्हण. नुसती म्हण.
झाकली मूठ सव्वा लाखाची.
अक्षरं इतकी मोठी केली
की ‘लाखाची’ खिडकीच्या गजांवर गेलं.

दुसरीवर मुठीचं चित्र.
शोधून शोधून पिवळी मिळाली, मोबाइलातली,
भांडायला उठल्यासारखी.

तिसरी: अर्थ.
प्रशिक्षणात बजावलं होतं, एका स्लाइडवर पाच ओळी,
एका ओळीत सहा शब्द, वर एकही नको.
मी तिनांत बसवला:
आपलं उणंदुणं
जगापुढे मांडू नये.
मांडलं की किंमत गेली.
मोठ्याने वाचलं आणि मलाच वाटलं, एवढंच?
म्हण होती तोवर तिच्यात
काहीतरी खुळखुळत होतं.

चौथी: उदाहरण.
काल रात्री लिहिलं होतं,
एका शिक्षिकेचा पगार पाच महिने अडकलाय.
ती रोज इस्त्रीची साडी नेसून येते.
लिहिलं, वाचलं, पुसलं.
तिच्या जागी एक किराणा दुकानदार बसवला,
पुढच्या बरण्या भरलेल्या, मागच्या रिकाम्या.
तो बिचारा काही बोलला नाही.

इर्शाद गॅरेजातून थेट येतो, नखांत ग्रीस.
‘बाई, सव्वाच का? दीड का नाही?’
म्हटलं, सव्वा शकुनाचा असतो रे,
देवापुढे सव्वा रुपया ठेवतात तसा.
‘म्हणजे मोजलेच नाहीत कुणी.’
वर्ग हसला.
याची स्लाइड माझ्याकडे नव्हती.

‘बाई, मागे घ्या ना, अर्थ लिहून घ्यायचाय.’
मागे घेतला,
आणि तेवढ्यात सुलभा कोळंबकर आली, उशिरा,
वाकून जायचं विसरली,
सरळ उजेडात शिरली.
छातीशी मूठ, काहीतरी गच्च आवळलेली.
तिची सावली छतापर्यंत गेली
आणि माझ्या तीन ओळी
तिच्या बोटांच्या पेरांवर उतरल्या.
‘किंमत’ करंगळीवर,
‘गेली’ मनगटापाशी वाकडं.

बसचे सुटे असतील. औषधाची चिठ्ठी.
नसेलही काही.
कुणी विचारलं नाही. मीही नाही.
‘अगं सरक,’ कुणीतरी म्हणेपर्यंत
ती डोळे किलकिले करून उभी होती,
आणि पेनं थांबली होती.

पाचवी स्लाइड, निष्कर्ष, मी दाखवली नाही.
‘बाई, किती मार्कांना येते म्हण?’
‘दोन.’
‘मग एवढं कशाला?’

दिवा विझला तरी प्रोजेक्टरचा पंखा
बराच वेळ फिरत राहिला.

मंडळात परत द्यायला गेले तेव्हा
पाटकरांनी वायरी मोजून घेतल्या.
‘काय बाई, पगार-बिगार वेळेवर ना?’
‘हो, मजेत,’ मी म्हटलं
आणि पिशवी या हातातून त्या हातात घेतली.