आतली बाजू

इतवारीतल्या माझ्या दुकानात
अठराशे शेडचं कार्ड आहे, साखळीने बांधलेलं.
लोक ते पंख्याखाली उलगडतात
आणि नवरा-बायको बऱ्याच वर्षांनी
एकमेकांकडे नीट बघतात.
"हे तुले चांगलं वाटते?"
त्यातला 'तुले' मी चोवीस वर्षं ऐकतो आहे.

मागच्या मे महिन्यात यमुना पौनीकर आल्या,
भर दुपारी, तोंडाला दुपट्टा बांधून,
हातात संत्र्याची साल.
बाहेरची नाही, आतली बाजू पुढे केली:
"हा पाह्यजे. समोरच्या खोलीले."

पांढरा म्हणावा तर नाही,
पिवळा म्हणावा तर आजारी.
मशीनने काढला तो त्यांना दवाखान्यातला वाटला.
मग मी हाताने, थेंबाथेंबाने.
सातव्या डब्यापर्यंत साल वाळून वळली,
तिचाच रंग बदलला.
"आता कोणावर जाऊ, बाई? सालीवर?"
"माह्यावर जा."

आठव्याला म्हणाल्या, "हाच जी."
मला तो कूलरच्या टाकीत
आठवडाभर साचलेल्या पाण्यासारखा दिसला.
बोललो नाही. पावती फाडली.
त्या गेल्यावर दुकानातला प्रज्वल म्हणाला,
"काका, हा कोणी लावते का घराले?"

कूलरवरून आठवलं.
भिजल्या खसाचा वास बाबांना स्वर्ग होता,
आईला त्याने मळमळायचं.
एक खोली, एक कूलर, तेहतीस उन्हाळे.
दोघांचीही नाकं ठणठणीत होती.

दिवाळीत उरलेले पैसे घ्यायला
पौनीकर बाईंकडे गेलो.
भिंत पाहिली. नाहीच आवडली.
सकाळच्या उन्हातही नाही, चहा झाल्यावरही नाही.
पण बाई तिला पाठ लावून मटार सोलत होत्या,
आणि बोलता बोलता
मागे न बघता
तळहात फिरवत होत्या तिच्यावरून.

माझं घर नंदनवनला,
बारा वर्षं प्रायमरवरच आहे.
कधी कधी रात्री साखळी सोडून कार्ड घरी नेतो,
ट्यूबलाइटखाली भिंतीला लावून बघतो.
बायको म्हणते, "लाव ना बाप्पा काहीतरी,
अठराशे आहेत!"

वहीत नोंद आहे:
पौनीकर बाई. पांढरा बेस.
पिवळा अकरा थेंब, गेरू तीन, काळा अर्धा.

अर्धा थेंब कसा पाडला होता
आता काही केल्या आठवत नाही.