रात्र भाड्याने

क्वार्टर गेटच्या मागं माझं दुकान होतं.
पाटी अजून आहे, अक्षरं गेलीत:
टीव्ही, व्हीसीआर, तीन कॅसेट, एक रात्र, शंभर रुपये.
लुनावर पुढं टीव्ही, मागं कॅसेटची पिशवी,
भवानी पेठेपासून घोरपडीपर्यंत
मी रात्री भाड्यानं देत हिंडायचो.

आता तिथं मोबाईलच्या काचा बदलून मिळतात.
पोरगा बघतो.
वरच्या खोलीत जावाची मुलगी राहते,
शिकायला आलेली, स्वतःची मिरची घेऊन.
करार करताना नाव विचारलं.
म्हणाली, रात्री.
म्हटलं, रात्री कशाला, आत्ताच सांग,
पोलिसांचा फॉर्म भरायचाय.

तिचा बाप चामड्याच्या बाहुल्या नाचवतो.
पांढरा पडदा, एक दिवा,
म्हशीच्या कातड्यातून कोरलेले राजे.
नऊला बसला की उजाडेस्तोवर मांडी मोडायची नाही.
विदूषक यायचे मध्यरात्री. त्याआधी नाही.
राजे बोलून बोलून दमायला हवेत,
लोक पेंगायला हवेत,
कुणाचं तरी पोर रडून झोपायला हवं,
मग.
म्हटलं, आमच्याकडंही तसंच,
गण-गौळण झाल्याशिवाय वग नाही.
तिनं विचारलं, अजून?
मी पंख्याचा वेग वाढवला.

तिच्या भावानं, बागसनं, रात्र कापायला घेतली.
पन्नास सेकंदांचा विदूषक.
चार लाख लोकांनी पाहिला, पादण्याचा विनोद होता.
आता लग्नघरातून फोन येतात:
राजे नकोत, तेवढा सोंगाड्या आणा.
घंटा वाजवणारे चौदा होते,
पाच उरले, आणि एक कीबोर्ड.
गाणारी बाई पडद्याकडं पाठ करून बसते,
फोन तिकडं असतो.
ऐन लढाईत कुणीतरी सुराबायाहून गुलाब पाठवतो.
गुलाब म्हणजे चित्र. चित्राचे पैसे होतात.
बागस बापाच्या कानात नाव सांगतो,
राजा उपसलेली तलवार तशीच धरून
आभार मानतो.
मी हसलो. आर्यभूषणला दौलतजादा याहून वेगळा नव्हता,
फक्त नोट देणाऱ्याला दारूचा वास यायचा.

वाईट वाटतं का, मी विचारलं.
माझी फी त्या सोंगाड्यानं भरली, काका, ती म्हणाली,
आणि कुकरची शिट्टी मोजायला गेली.
खरंय.
केबलनं माझं दुकान खाल्लं
तेव्हा गल्लीत पहिलं कनेक्शन
मीच घेतलं होतं.

मग परवा बाप हट्टाला पेटला.
एक रात्र सबंध, म्हणाला, न कापता. फोन लाव आणि जा झोप.
इथं साडेसातला सुरू झालं.
ती लॅपटॉप घेऊन खाली आली, माझ्याकडं नेट बरं आहे.
कोपऱ्यात आकडा होता: नऊ हजार.
राजा बोलायला लागला. सात हजार.
राजा बोलतच राहिला. आठशे.
खाली अक्षरं धावत होती, मला वाचता येईनात.
विदूषक कधी, विचारतायत, ती म्हणाली.
बापाला दिसत नव्हती, त्याची पाठ होती.
विदूषक आले तेव्हा साडेदहा झाले होते इथं.
आकडा चढला. विदूषक गेले, उतरला.
नंतर बराच वेळ
एक बाहुली नुसती उभी होती, दिव्याची वात हलली की श्वास घ्यायची.
मला भाषा कळत नव्हती.
मी चहा ठेवायला उठलो नाही.

तीनला आकडा होता दोन.
एक आपण, मी म्हटलं. दुसरा कोण?
आई असेल, ती म्हणाली, स्वयंपाकघरातून.
तिथून पडदा वीस पावलांवर आहे,
पण पाहुण्यांसाठी भात शिजवायचा असतो ना.

साडेतीनला तिकडं उजाडलं.
बापानं बाहुली खोडात खोवली, मागं वळून
फोनकडं पाहिलं,
बंद कसा करायचा ते त्याला ठाऊक नव्हतं.
मग कोंबडा, झाडू, कुणाचे तरी पाय.
ती खुर्चीतच झोपली होती, नऊला तिचा तास होता.
मी लॅपटॉप मिटायला हात लावला.

पहाटे व्हीसीआर परत आणायला जायचो,
रात्रभर चाललेला,
मांडीवर घेतला की असाच गरम लागायचा.