कोरड्यातलं शूटिंग

मारुती चौकात ट्रायपॉड उभा केला
तेव्हा दस्तगीरभाईंनी विचारलं,
छत्रीची काडी दातांत धरून,
"कुठल्या चॅनलला लागणार?"
कुठल्याच नाही, म्हटलं.
"मग एवढ्या उन्हात कशाला?"

याचं उत्तर नव्हतं माझ्याकडं.
अर्जात होतं: सार्वजनिक जागा, दैनंदिन व्यवहार,
अडीच पानं, खाली पोलीस ठाण्याचा शिक्का.
चौकात व्यवहार म्हणजे
हळदीच्या पोत्यावर टेकून चपलेतला खडा काढणारी बाई,
भडंगाच्या कागदावरची बातमी अर्धीच वाचून
कागद चुरगळणारा कुणी,
आणि कुणाची तरी वाट बघत
चार वेळा भांग पाडलेला एक मुलगा.
ती आली की नाही ते माहीत नाही.
बॅटरी संपली.

सुकुमारच्या बूमवरची केसाळ टोपी बघून
शाळेची पोरं विचारायची, "चावतंय का वो?"
चौथ्या दिवशी बारसं झालं त्याचं. गब्बू.
आता दर तीन मिनिटांनी
साऊंडट्रॅकवर कुणीतरी गब्बूला हाक मारतं.
ते पुसायचं नाही असं ठरलंय.

रात्री मिरजेच्या खोलीत रशेस बघताना
दिसली ती रेघ.
सलूनच्या शटरवरून औषधाच्या दुकानापर्यंत,
निळ्या ऑइलपेंटची,
फ्रेमच्या बरोबर मधोमध.
पट्टीनं इतकी सरळ येत नाही,
ती पाण्यालाच येते.
मी काही मुद्दाम लावली नव्हती लेन्स तिथं.
माझ्या डोळ्यांची उंची तेवढी, एवढंच.
रेघेखाली सगळा चौक:
सायकली, भाजीच्या पाट्या, बसलेले दस्तगीरभाई,
गब्बूची अख्खी पलटण.
उंच माणसांची फक्त डोकी वर.
सुकुमार म्हणाला, पॉज कर जरा.
मग बराच वेळ प्ले म्हणाला नाही.

सकाळी वहीत सतरा प्रश्न लिहून गेले.
किती वाजता आलं, काय काय गेलं,
कुणी काढलं बाहेर.
पहिला विचारायच्या आधीच
छत्रीला टाका घालता घालता ते म्हणाले,
"तवा आलते की कॅमेरे. होडीत बसून.
मी हितं, वर पत्र्यावर.
दोन दिवस पोटात काय न्हाई. असा हात केला.
तर म्हणत्यात, काका, परत एकदा करा,
नीट आलं न्हाई."

"केला परत?"
"केला की.
होडी त्यांच्याजवळ हुती."

सुकुमारनं हेडफोन काढून गळ्यात घेतले.
मी वहीचं पान उलटलं.

मग उरलेले सहा दिवस कोरडंच शूट केलं.
शेवंताबाई कोथिंबिरीवर तांब्यातून शिंपडतात,
सगळ्या फिल्ममध्ये पाणी तेवढंच.

शेवटच्या दिवशी दुपारी
दस्तगीरभाईंनी दुरुस्त छत्री उघडून बघितली.
लख्ख ऊन. काळं कापड.
एक भोक राहिलं होतं, त्यातून
त्यांच्या कपाळावर पडलेला रुपयाएवढा उजेड.
छत्री गरागरा फिरवून
सरळ लेन्सकडं बघत त्यांनी विचारलं,
"आलं का नीट?"

आलं, म्हटलं.
परत नको.

फ्रेमच्या बाहेरून एक हात आला,
वीस रुपये ठेवले, भोकासकट छत्री घेऊन गेला.