बारा चमचे, एक बाहेर

शनिवारी ओहोटीला किनाऱ्यावर
काहीतरी कुजकं खाल्लं चोल्गानं.
मासा असेल, नाहीतर सीलचं आतडं.
मला काय माहीत, मी तिच्या मागे मागे फिरत नाही.
कुत्री माझी नाही. नोल्बेर्तोची.
वाटणीवरून भांडून, अबोला धरून
तो पुंता अरेनासला निघून गेला तेव्हा
बोट माझ्याकडे राहिली, आणि बोटीत बसलेली ही.

रविवारी उजाडेपर्यंत सात वेळा ओकली.
मागून तर नुसतं पाणी.
वाडगा भरून ठेवला, अधाशासारखा रिकामा केला
आणि सगळा परत दिला,
माझ्या सपातांवर.

वारा सुटलेला. दाल्काऊएची फेरी बंद.
जनावरांची डॉक्टर पलीकडे,
आणि पलीकडे म्हणजे आज दुसरा देश.
सहा वर्षांनी त्याचा नंबर फिरवला.
कशी आहेस नाही, काही नाही.
"हिरडी दाब," म्हणाला.
दाबली. पांढरी पडली,
आणि पुन्हा गुलाबी व्हायला तिनं इतका वेळ घेतला
की मी मारियामातेला दोनदा हाक मारली.
"मानेवरची कातडी उचलून सोड."
सोडली. तंबूसारखी उभी राहिली,
मग सावकाश, नाइलाजानं बसली.

तो गप्प. तारेवर
त्याच्याकडचा वारा, माझ्याकडचा वारा.

"वाडगा उचल आधी. चमच्यानं दे.
दहा मिनिटांनी एक.
गालाच्या कडेनं सोड, घशात ओतू नकोस.
ओकली तर थांब जरा. मग पुन्हा एकपासून."

उबाल्दो भिजत आला, रुमालात बर्फ घेऊन.
"मासळीचा नाही हं," म्हणाला, "घरचा."
तिनं तो चाटला, डोळे न उघडता,
झोपेत कुणाचं नाव घ्यावं तसा.
मी कोंबडीची हाडं उकळली,
मीठ नाही, कांदा नाही.
कांदा कुत्र्यांना विष असतो
हे मला एकसष्टाव्या वर्षी कळलं.
त्यावरची चरबी काढली, निवू दिलं,
आणि चुलीपाशी बसले. चमचा, घड्याळ, चमचा.
दर चमच्याला शिंपल्याची एक टरफल
डावीकडून उजवीकडे.

तासातासानं फोन.
"किती?"
"बारा. एक बाहेर."
"म्हणजे अकरा."
"मला वजाबाकी येते, नोल्बेर्तो."
"बोटीच्या वेळी येत नव्हती."

मी फोन ठेवला नाही.
त्यानंही ठेवला नाही.
तेराव्या चमच्याची वेळ झाली होती.

पहाटे चार वाजता तिला पोटाखाली टॉवेल घालून
उचलून अंगणात नेलं. पावसात उभी राहिली,
थरथरली, विचार केला,
आणि मुतली.
"मुतली!" मी ओरडले,
"मुतली!" तिकडून तो, बहुधा कुणाला तरी उठवून.
दोन म्हातारी माणसं,
मध्ये हजारावर किलोमीटर समुद्र आणि बर्फ,
आणि एवढा आनंद
आम्हाला आई गेल्यापासून कशाचाच झाला नव्हता.

सोमवारी वारा पडला. फेरी सुटली.
डॉक्टरनं बोटांनी पोट चाचपलं, सुई दिली,
म्हणाली, रात्रभर जागलात ते बरं केलंत.
परतीच्या वाटेवर चोल्गानं
धक्क्यावरच्या डबक्यातलं पाणी प्यायलं, घाणेरडं,
माझ्या डोळ्यांदेखत, मी हाकलेपर्यंत.
माझे दोनशे चमचे, उकळलेले, गाळलेले,
आणि हिला डबकं गोड.

संध्याकाळी फोन वाजला.
चोल्गा दुसरी सपात चावत होती,
शेपटीनं टरफलांची रांग उधळत.

"किती?"

मी तिच्याकडे पाहिलं.
"अजून अशक्तच आहे रे," मी म्हणाले.
"उद्या विचार."