क्षर

मारेखीला लिहिता येत होतं.
शाळेतली तेहतीस अक्षरं
तिने झोपेतही गिरवली असती.
अडचण होती ती झाक्रोची.
तुशेतीच्या वरच्या कुरणांवर चिठ्ठ्या नेणारा घोडेवाला,
वाटेत भेटेल त्या मेंढपाळाला
दुसऱ्याची चिठ्ठी वाचून दाखवायचा,
रडायच्या जागी थोडा रडायचासुद्धा.

म्हणून तिने रोटीवर लिहायला घेतलं.
सातूची जाड रोटी, मधोमध अंगठ्याचा खळगा,
भोवती काट्याचे, अंगुस्तानाचे, किल्लीच्या दातांचे ठसे.
खुणा अकराच.
किल्लीचे दात : गाय व्याली.
अंगुस्तान उलटं : थोरल्या जावेशी बोलणं बंद.
अंगुस्तान सुलटं : अजून बंदच.

पण त्या डोंगरांत बातमी निघते घरातून
आणि पोचते नदीच्या मर्जीने.
कधी दोन दिवस, कधी पाच.
पोरीला ताप आहे.
आहे म्हणजे केव्हा?
वर मेंढ्यांत बसलेल्या बेझानने
कुठल्या काळात काळजी करायची?

मग तिने मीठ कमी केलं, ताक वाढवलं,
आणि खळग्यापासून काठाकडे
सुरीच्या पाठीने एक रेघ ओढली, नुसती.
रोटी वाळेल तशी रेघ उकलायची,
दिवसाला एक बोट.
एक बोट : म्हणते आहे.
तीन बोटं : म्हटलं होतं.
भेग काठाला लागली
की वाक्य संपलं. रोटी खा,
उत्तर देऊ नकोस.

आमच्याकडे अक्षर म्हणजे जे झिजत नाही ते,
मी तिच्या मुलीला, त्सीराला, सांगितलं.
जरा ऐटीतच.
ती चहा ओतत म्हणाली,
मग तुम्हाला तारीख वेगळी लिहावी लागत असेल.

लागते.
वर, उजव्या कोपऱ्यात.

पूल वाहून गेला त्या उन्हाळ्यात
झाक्रो अलीकडच्या काठावर आठ दिवस अडकला,
लोकांनी लोकांसाठी दिलेलं चीज खात.
(रोटीला मात्र त्याने हात लावला नाही.
वाचता न येणाऱ्या गोष्टीची त्याला भीती वाटायची.)
नवव्या दिवशी ती बेझानच्या हातात आली.
खुणा दोन.
ताप. ये.
भेग काठाबाहेर गेलेली,
रोटीचे दोन तुकडे व्हायच्या बेतात.
नियमाप्रमाणे ते बोलणं होऊन गेलं होतं.

बेझानने मेंढीचं दूध कोमट केलं.
रोटी त्यात ठेवली
आणि शेजारी उकिडवा बसून राहिला.
पीठ फुगत गेलं.
भेगेच्या कडा सरकत सरकत
जवळ आल्या,
चार बोटं, अडीच,
एक.
आता ती म्हणत होती.
तो ओली रोटी फेल्टच्या कांबळीत गुंडाळून
रात्रीच उतरायला लागला.

ताप पाचव्या दिवशीच गेला होता, त्सीरा सांगते.
तो आला तेव्हा मी कोंबडीच्या मागे धावत होते.
आई कडाडली, भेग वाचता येत नाही तुला?
तो काय म्हणाला ते ऐकू आलं नाही.
मेंढ्या कोणावर टाकून आलास यावरून
दोघं दिवे लागेपर्यंत भांडले,
मग आईने रोटी चुलीच्या कडेला ठेवली,
वाळून दगड होईपर्यंत.

कोनाड्यातून काढून ती माझ्यासमोर ठेवते.
तिला खुणा सातच येतात.
उरलेल्या चार आई-बापाने
शिकवल्या नाहीत.
तिनेही विचारलं नाही.

मी बोट लावून पाहतो.
दीड बोट, फार तर.
दोघांना जाऊन किती वर्षं झाली विचारायचं होतं,
राहून जातं.
एका बाजूला उंदराने कुरतडलंय,
बारीक, ओळीने,
बारावी खूण असावी तसं.