वरचे दोन थर

पहाटे चारला बारा सायकली टपावर आवळतो.
सात नंबरची साखळी कुरकुरते. आधी तिला तेल पाजतो,
मग स्वतःला कोकाच्या पानांचा चहा.
व्हॅन मालागाच्या खिंडीला लागते
तेव्हा मागे बारा माणसं झोपलेली, तोंडं उघडी.
हवा विरळ होत चालल्याचं
मला त्यांच्या घोरण्यावरून कळतं.

वर धुकं. लोकरी टोप्या. दातांची टकटक.
मी ब्रेक दाखवतो, हा पुढचा, हा मागचा,
नुसता पुढचा दाबू नका,
सायकल थांबेल, तुम्ही थांबणार नाही.
हसतात. रोज वेगळी माणसं, तेच हसू.
मग सुटतात.

मी मागे, पहिल्या गिअरात.
बारा पिवळी जाकिटं वळणावळणाने बारीक होत जातात,
पोत्याला भोक पडून मक्याचे दाणे घरंगळावेत तशी.
आधी नुसता दगड, मग गवत, मग नेचे, मग केळी,
तीन तासांत हिवाळा सरतो.
एकेक कपडा काढून माझ्याकडे फेकतात,
सांता मारिया येईस्तोवर व्हॅनचं धोब्याचं दुकान झालेलं असतं.
वाटेत क्रूस लागतात.
कुणाचे ते मी सांगत नाही.
एक माझ्या साडूचा आहे.

पुढे त्यांचे पाय.
दोन दिवस माझी भाची रोसाउरा त्यांना चालवते,
कॉफीच्या बागांतून, दगडी पायऱ्यांनी,
दोरावरच्या पाळण्यात बसवून नदीपार,
मग रुळांच्या कडेकडेनं, थेट त्या डोंगराखाली.
मी सायकली भरून उलटा फिरतो.
चौदा वर्षं झाली, त्या डोंगरावर मी गेलेलो नाही.
तिकीट आहे. गुडघा आहे. आणि सायकलींना कोण बघणार?

त्या दिवशी सात नंबर पंक्चर झाली
ती नेमकी आमच्या वाडीपाशी.
योस्त नावाचा उंच मास्तर, हॉलंडचा,
त्याच्या गावी म्हणे टेकडी अशी नाहीच.
मी ट्यूब पाण्यात बुडवून बुडबुडे शोधतोय,
हा आमच्या बटाट्याच्या बांधावर हात फिरवतोय,
देवळात आल्यासारखा.
किती जुना आहे?

म्हटलं, खालचा कुणालाच ठाऊक नाही.
इंकांचा असेल, नाहीतर त्यांच्याही आधीच्यांचा.
मधला आजोबांचा, भूकंपानंतरचा.
वरचे दोन थर मी आणि सिप्रियानोने रचले,
परवाच्या साली, बैलाने पाडले तेव्हा.

त्याने वरच्या दगडावरचा हात उचलला
आणि वाकून खालच्यावर ठेवला.

मग फोटो. पण वर मोजे वाळत होते.
जरा बाजूला घेता का, त्याने हातवारे करून विचारलं.
माझी भावजय बासिलिया चुलीपासून न उठता म्हणाली,
ओले आहेत.
मी भाषांतर केलं. एवढ्यालाच वेळ लागला.

चौथ्या दिवशी त्यांना आणायला गेलो.
गुडघ्यांना पट्ट्या, मानेवर डासांचे फोड,
माणसं आपापल्या मोबाइलमध्ये डोंगर धरून बसलेली.
योस्त माझ्या शेजारच्या सीटवर आला.
तिथल्या भिंती, तो म्हणाला,
दोन दगडांच्या मध्ये सुरीचं पातंही जात नाही.

म्हटलं, आमच्यात सरडा जातो.
राहतोच तिथे. बायकोसकट.

तो हसला नाही. बराच वेळ नदी बघत राहिला.
मग विचारलं, एक दगड उचलायला किती माणसं लागतात?
वरचा असेल तर दोघं,
आणि तिसरा, नुसता बोलणारा.

आज जाता जाता पाहिलं,
आजोबांचा थर पोट काढतोय.
पेरणीआधी उतरवायला हवा.
सिप्रियानोला निरोप धाडलाय.
सात नंबर पुन्हा कुरकुरते आहे.