भोगवटा

सात तारखेच्या आत एकोणीस हजार पाचशे.
एक दिवस उशीर झाला तर स्थगिती गेली म्हणून समजा,
असं म्हणून वकील पालितबाबूंनी
माझ्याच खुर्चीत मान टेकवली, तोंड उघडलं.
त्यांची अक्कलदाढ महिनाभर ठणकत होती.

आत्तापर्यंत सत्त्याऐंशी रुपये भरत होतो.
हूबेईहून बोटीनं आलेल्या माझ्या बापानं
हातवारे करून ठरवलेलं भाडं.
तिरेटी बाजारच्या मागं, जिना चढून डावीकडं,
पाटीवरची रंगवलेली कवळी अजून हसते,
खालचे दोन दात पावसानं नेले तरी.
दात कोरून पोट भरत नाही म्हणतात.
आमच्या दोन पिढ्यांचं भरलं.

निकालाच्या दिवशी साडेअकरापर्यंत मी भाडेकरू होतो.
मग न्यायाधीशांनी पान उलटलं
आणि मी नुसता राहिलेला माणूस झालो.
राहिलेल्याला भाडं नसतं, भरपाई असते.
हीच खोली आज बाजारात जेवढ्याला जाईल, तेवढी.
अपील करा, खुशाल करा,
पण थांबण्याची किंमत मोजत थांबा.

म्हणजे दिवसाला साडेसहाशे.
तासाला सत्तावीस, वर थोडे पैसे.
प्लास्टरचा साचा वाळायला वीस मिनिटं: नऊ रुपये.
दुपारची डुलकी: साडेतेरा.
सुइलिन म्हणाली, एवढी महाग झोप
बसल्या बसल्या काय घेता, पाय तरी लांब करा.
मी पाय लांब केले. झोप आली नाही.
लवंगतेलाच्या बाटल्यांमागं पाल चुकचुकली,
तिच्या नावावर काहीच लागत नाही.

भोगवटा म्हणतात याला.
भोग कुणाचा, वाटा कुणाचा,
ते वरचं कोर्ट ठरवील, सवडीनं.

चार तारखेला जिन्यावर पावलं वाजली, थांबत थांबत.
इंदुलेखा गुहठाकुरता. मालकीण.
गालाला पदर लावलेला.
एकवीस वर्षं आम्ही एकमेकांवर दात धरून आहोत
आणि तिच्या दाताला मीच लागतो.
म्हणाली, दुसऱ्याकडं गेले होते, त्याचा हात जड आहे.

बधिर होईपर्यंत दहा मिनिटं असतात
(साडेचार रुपये).
अर्ध्या जिभेनं ती बोलत राहिली.
बेहाल्याला भाचीकडं, पडद्यामागं पलंग.
तिथं तीही दरमहा काही देते, भाची नको म्हणते, तरी देते.
ही खोली मिळाली की खिडकीशी बसायचं आहे,
इथून माशांचा बाजार दिसायचा, लहानपणी.
आता मागं सहा मजले उभे आहेत.
मी खिडकी उघडली नाही.

खालची दाढ. हलत होती,
पण मुळं वाकडी, हाडाला विळखा घालून.
हलतोय म्हणजे सुटेल असं नसतं,
हे मी रोज कुणाला ना कुणाला सांगतो.
तिला सांगितलं नाही.
हळूहळू, पुढं, मागं, पुन्हा पुढं.
ती खुर्चीचा हात घट्ट धरून होती,
माझ्या बापाच्या खुर्चीचा.
बाकी तिथलं सगळं तिचं.

किती, असं तिनं बोटांनी विचारलं.
तोंडात कापूस होता. मी मान हलवली.
तिनं साच्याच्या बरणीखाली पाचशेची नोट सरकवली
आणि कठडा धरून उतरली,
तिसरी पायरी निखळलीय हे तिला माहीत होतं.
ती कुणी दुरुस्त करायची, हाही एक दावा आहे.

नोट मी सात तारखेच्या पाकिटात टाकली.
कोर्टात जाईल, तिथं पडून राहील,
मी हरलो तर तिच्याकडं परत जाईल,
जिंकलो तर माझ्याकडं येईल.
सध्या ती दोघांचीही नाही.

दाढ ती ट्रेमध्येच विसरली.
कागदाच्या पुडीत बांधून, नाव लिहून ठेवलीय.
अजून एकोणीस हजार.
उद्या पाच तारीख.